पाच व्याख्या आणि एक बुडालेलं कर्ज

पत्र थोडक्यात: विज्ञानाची पदवी घेऊन कायद्याच्या पहिल्या वर्षाला आलेल्या एका विद्यार्थिनीचं हे पत्र. ती लिहिते: ‘ज्युरिसप्रुडन्सच्या, म्हणजे कायद्याच्या तत्त्वज्ञानाच्या, पहिल्याच प्रकरणात कायद्याच्या व्याख्या आहेत. ऑस्टिनची, सामंडची, होम्सची, केल्सनची, हार्टची. कुणी म्हणतं आज्ञा, कुणी म्हणतं नियम, कुणी म्हणतं कोर्ट काय करेल याचा अंदाज. बरोबर कुठली, असं वर्गात विचारलं. सगळ्या लिहा, प्रत्येकीवर टीका लिहा, मार्क पडतील, असं उत्तर मिळालं. मी कायद्याकडे वळले ती मावशीमुळे. तिने ओळखीतल्या एकाला हातउसने पैसे दिले होते. तो चार वर्षं “देतो, देतो” म्हणत राहिला. दावा लावल्यावर पैसे घेतल्याचं त्याने कोर्टात कबूलही केलं, तरी दावा मुदतबाह्य म्हणून फेटाळला गेला. वकील म्हणाले, कायद्याने बरोबर आहे. मग न्यायाचं काय? आमचे सीनियर सांगतात, थिअरी गाइडमधून परीक्षेपुरती कर आणि एखाद्या वकिलांच्या ऑफिसात जा, खरा कायदा तिथे कळेल. तसं करू का? की मुळात माझी शाखाच चुकली?’

---

तुझ्या पत्राचे सरळ दोन भाग पडतात. एकात व्याख्यांचा वैताग आहे, दुसऱ्यात मावशीचा दावा. पहिला भाग तुला पुस्तकी वाटतो आणि दुसरा खरा. पण मावशीच्या दाव्याबद्दल तू जे विचारलं आहेस ते ज्युरिसप्रुडन्सच आहे. पुस्तकात ते इतक्या कोरड्या भाषेत येतं की ओळख पटत नाही. म्हणून आधी व्याख्यांकडे बघू, मग त्या दाव्याकडे. ऑफिसचा प्रश्न शेवटी घेते, कारण तो सगळ्यात सोपा आहे.

एका गोष्टीची एकच व्याख्या असते आणि पाच असतील तर निदान चार चुकीच्या असतात, अशी तुझी अपेक्षा आहे. विज्ञानातून आलेल्या मुलीची ती असणारच. पण तिच्यामागे एक गृहीत आहे: पाचही जण एकाच प्रश्नाचं उत्तर देताहेत. ते तसे देत नाहीत. गाइडमध्ये मात्र त्या एकाखाली एक छापतात, प्रत्येकीखाली ‘गुण’ आणि ‘दोष’. कोणता प्रश्न पडला म्हणून तो माणूस लिहायला बसला, हे त्यात नसतं. उत्तरपत्रिका हातात आणि प्रश्नपत्रिका गहाळ, अशी तुझी अवस्था आहे.

ऑस्टिनपासून सुरुवात कर. त्याचं पुस्तक १८३२ चं. त्याच्यापुढे प्रश्न हद्दीचा होता. देवाचे नियम, समाजाच्या रीती, सभ्यतेचे संकेत, संसदेचे कायदे, या सगळ्यांना लोक ‘कायदा’च म्हणतात, यातलं कायद्याच्या अभ्यासकाने आपल्या ताब्यात काय घ्यायचं आणि काय दुसऱ्यांसाठी सोडायचं? त्याने रेघ मारली: सार्वभौमाची आज्ञा, जिच्यामागे शिक्षेचा धाक आहे, तेवढाच आपला प्रांत. ती रेघ चांगली की वाईट यावर वाद घाल, पण ती रेघ आहे हे विसरू नकोस. (जाता जाता: ऑस्टिनच्या लंडनमधल्या वर्गाला सुरुवातीला जॉन स्टुअर्ट मिलसारखे श्रोते होते. पुढे विद्यार्थी आटत गेले आणि त्याने प्राध्यापकी सोडली. त्याची व्याख्यानं आज आपल्या अभ्यासक्रमात आहेत ती मुख्यतः त्याच्या मृत्यूनंतर बायकोने, सारा ऑस्टिनने, ती संपादित करून छापली म्हणून. तेव्हा कंटाळा आलेली तू काही पहिली नव्हेस.)

होम्सचा प्रश्न अगदी निराळा. १८९७ मध्ये बॉस्टनला तो कायद्याच्या विद्यार्थ्यांपुढे बोलत होता. वकिलाकडे पक्षकार येतो तेव्हा त्याला काय जाणून घ्यायचं असतं? होम्स म्हणतो, मुद्दाम एखादा वाईट माणूस डोळ्यांपुढे आणा. नीतीशी त्याला देणंघेणं नाही. मी असं केलं तर कोर्ट माझं काय करेल, एवढंच त्याला हवं आहे. त्याच्या दृष्टीने कायदा म्हणजे कोर्टाच्या वागण्याचा अंदाज. पक्षकाराला सल्ला देणाऱ्या वकिलासाठी हे चोख आहे. पण तेच वाक्य न्यायाधीशाच्या खुर्चीत बसून म्हणून बघ. ‘मी काय करेन याचा मी अंदाज बांधतो आहे’? न्यायाधीशाला त्याचा काडीचा उपयोग नाही.

केल्सन विचारतो, एखादा आदेश बंधनकारक का? नियमामुळे. नियम का? कायद्यामुळे. कायदा का? संविधानामुळे. संविधान का? एखादं आधीचं संविधान असेल तर त्यामुळे. असं वर वर जात शेवटी अशा जागी पोचतो की पुढे कारण देता येत नाही, ते गृहीत धरावं लागतं. त्याला त्याने मूलभूत प्रमाणक म्हटलं. सामंड कोर्टाच्या बाजूने बघतो: न्यायदान करताना जी तत्त्वं मान्य करून लागू केली जातात तो कायदा. त्यावर फार वेळ घालवू नकोस.

तो हार्टवर घालव. त्याचं मुख्य पुस्तक १९६१ चं, आणि त्यातली ऑस्टिनवरची टीका अजूनही पहिल्या वर्षाच्या मुलांनी वाचावी अशी आहे. पिस्तूल रोखून कुणी पैसे मागितले तर तू देशील, नाइलाज म्हणून. पैसे द्यायचं तुझं ‘कर्तव्य’ होतं असं मात्र कुणी म्हणणार नाही. मग कर मागणारं सरकार आणि पिस्तूलवाला यांत फरक काय? आज्ञा दोघांची, धाक दोघांचा. ऑस्टिनच्या व्याख्येत हा फरक नीट पकडला जात नाही. पुढचा मुद्दा त्याहून धारदार आहे. मृत्युपत्र कसं करायचं, करार कसा करायचा, हे सांगणारे नियम कुणाला आज्ञा देतात? कुणालाच नाही. मृत्युपत्रावर दोन साक्षीदारांच्या सह्या नसल्या तर ते रद्दबातल ठरतं, पण ती शिक्षा नव्हे. तुला एक ताकद वापरायची होती आणि ती नीट वापरली गेली नाही, इतकंच. कायद्याचा निम्मा भाग असा ताकद देणारा आहे.

आता मावशीचा दावा. तुझ्या पत्रात जेवढं आहे त्यावरूनच बोलते. पूर्ण कागद मी पाहिलेले नाहीत, तेव्हा हा तिच्यासाठी कायदेशीर सल्ला समजू नकोस.

उसने दिलेले पैसे परत मिळवायच्या दाव्याला आपल्याकडे, १९६३ च्या मुदत कायद्यानुसार, पैसे दिल्यापासून तीन वर्षं मिळतात. तोंडी ‘देतो’ने ही मुदत वाढत नाही. तीन वर्षांच्या आत देणेकऱ्याने लेखी कबुली सही करून दिली असती तर त्या दिवसापासून नवी मुदत सुरू झाली असती. ते कलम १८. न्यायाधीशांना दया आली असती तर? तरी उपयोग नव्हता. कलम ३ सांगतं की मुदतीचा बचाव समोरच्याने घेतला नाही तरी कोर्टाने मुदतबाह्य दावा फेटाळायचा. उशीर माफ करायचं कलम ५ अपिलांना आणि अर्जांना लागू आहे, दाव्यांना नाही. म्हणजे ज्या खुर्चीकडे तू न्याय मागत होतीस तिच्या हातात सवलत ठेवलेलीच नव्हती. ती का ठेवली नव्हती, हा तुझा खरा प्रश्न आहे.

असा कठोर नियम कुणासाठी असतो? ज्याने पैसे फेडले आणि पावती आयुष्यभर जपून ठेवली नाही, त्याच्यासाठी. साक्षीदार मरतात, कागद हरवतात, आठवणी बदलतात. पंचवीस वर्षांनी कुणी वारसांच्या दारात येऊन उभं राहिलं तर खरं खोटं करणार कसं? हे कारण मला पटतं, आणि शांतपणे विचार केलास तर तुलाही पटेल. पण तुझ्या मावशीच्या बाबतीत हे कारण लागूच होत नव्हतं! समोरच्याने पैसे घेतल्याचं कबूल केलं होतं. पुराव्याची भीती नव्हती. नियमाचे शब्द लागू आणि नियमामागचं कारण गैरहजर, अशी ती जागा आहे.

याच जागेवर १९५८ मध्ये हार्ट आणि अमेरिकी कायदेपंडित लॉन फुलर एका नियतकालिकात भांडले. बागेत वाहनांना बंदी आहे, असा नियम घ्या. मोटार चालणार नाही हे उघड आहे. पण खेळण्यातली गाडी? हार्ट म्हणाला, शब्दाला एक पक्का गाभा असतो आणि भोवती धूसर कड असते. वाद कडेला होतात. फुलरने विचारलं, युद्धाचं स्मारक म्हणून जुना लष्करी ट्रक, तोही चालू अवस्थेतला, बागेत चौथऱ्यावर बसवला तर? ट्रक तर गाभ्यातलं वाहन आहे. तरी नियम कशासाठी होता हे विचारल्याशिवाय उत्तर देता येत नाही. मावशीच्या खटल्यात हार्ट काय म्हणाला असता आणि फुलर काय, हे लिहून बघ. एक पान पुरेल. परीक्षेतला ‘हार्ट-फुलर वाद’ मग वेगळा पाठ करावा लागणार नाही.

आणखी एक गोष्ट मावशीच्या वकिलांनी कदाचित सांगितली नसेल. पैशाच्या दाव्यात मुदत संपली की कोर्टात जायचा मार्ग बंद होतो; देणं मात्र मरत नाही. देणेकऱ्याने आपणहून पैसे दिले तर ‘मुदत संपली होती’ म्हणून ते परत मागता येत नाहीत. एकाच माणसाकडून दोन देणी असतील आणि कुठल्या देण्यापोटी हे न सांगता त्याने काही रक्कम दिली, तर घेणेकरी ती मुदतबाह्य देण्यातही वळती करू शकतो; १८७२ च्या करार कायद्याचं कलम ६०. मुदत उलटलेलं कर्ज फेडीन असं देणेकऱ्याने लेखी, सहीनिशी वचन दिलं तर तो वैध करार होतो, मोबदल्याशिवाय. त्याच कायद्याचं कलम २५(३). मावशीचा दावा एकदा फेटाळला गेलेला असल्याने तिला यातलं काय उपयोगी पडेल ते वकिलांनाच विचारायला हवं.

हे घेऊन आता तुझ्या पाच व्याख्यांकडे परत ये. ज्या देण्यामागे कोर्टाचा धाक उरलेला नाही ते कायद्याचं देणं आहे की नाही? धाकाशिवाय कर्तव्य नाही असं मानणाऱ्या ऑस्टिनला इथे अडखळायला होतं. होम्सचा वाईट माणूस खिशात हात घालून निघून जाईल. हार्ट म्हणेल, देणं सांगणारा नियम एक आणि ते वसूल कसं करायचं हे सांगणारा नियम दुसरा. एक थांबला म्हणून दुसरा थांबलाच पाहिजे असं नाही. वेस्ली होफेल्डने १९१३ मध्ये एका लेखात सांगितलं की ज्याला आपण सरसकट हक्क म्हणतो त्यात चार निरनिराळी नाती असतात: मागणी, मोकळीक, ताकद, आणि कवच. प्रत्येकाच्या समोर दुसऱ्या कुणाची तरी एक बाजू असते. मावशीकडे मागणी शिल्लक आहे, ती कोर्टातून रेटायची ताकद गेली, आणि त्या माणसाला कवच मिळालं. ‘मावशीचा हक्क बुडाला’ या वाक्यात हे तिन्ही एकमेकांत कालवले गेले होते. होफेल्डचा तक्ता मुलं पाठ करतात आणि विसरतात. तू एका खऱ्या कर्जावर तो मांडून बघ, विसरायचा म्हटलंस तरी विसरणार नाही.

‘कायद्याने बरोबर, न्यायाने चूक’ हे वाक्य मात्र मी तुला तसंच ठेवू देणार नाही. त्यात कायदा एकीकडे आणि न्याय दुसरीकडे, असं चित्र आहे. गुस्टाव्ह राडब्रुख हा जर्मन कायदेपंडित, एकेकाळचा तिथला न्यायमंत्री. नाझी सत्तेत आले आणि १९३३ मध्ये त्याची प्राध्यापकी गेली. युद्धानंतर १९४६ मध्ये त्याने लिहिलं की काही कायद्यांचा अन्याय इतका असह्य असतो की त्यांना कायदा मानायचंच कारण नाही. हे वाक्य सगळ्या पुस्तकांत सापडतं. त्याच्या आधीचा भाग बहुतेक जण वगळतात: एरवी, साधारण परिस्थितीत, कायदा अन्याय्य आणि गैरसोयीचा असला तरी त्यालाच अग्रक्रम द्यायचा, कारण कायद्याची निश्चितता हेही एक मूल्य आहे. ज्याच्या देशात कायद्याच्या नावाखाली इतकं झालं तो माणूस असं म्हणतो आहे! तेव्हा मुदतीचा नियम न्यायाच्या विरुद्ध बाजूला उभा नाही. उद्या काय होईल हे आज कळावं, ही मागणीही न्यायाचीच आहे आणि तुझ्या मावशीची मागणीही न्यायाची. एकीसाठी दुसरी मागे पडली. ते मान्य करणं अन्यायाची समजूत घालणं नव्हे. नियम बदलायला हवा असं तुला वाटत असेल तर नेमकं काय बदलायचं, हे त्याशिवाय सांगता येणार नाही. ‘देणेकऱ्याने कोर्टात कबुली दिली तर मुदतीचा बचाव नाही’ अशी दुरुस्ती तू सुचवशील? मग कोण कबुली देईल?

तुला वाचायला एकच खटला सांगायचा तर रिग्ज विरुद्ध पामर, न्यूयॉर्क, १८८९. फ्रान्सिस पामर नावाच्या म्हाताऱ्याने मृत्युपत्रात दोन मुलींना थोडंसं आणि बाकी बहुतेक सगळं नातू एल्मरला ठेवलं होतं. पुढे आजोबांनी दुसरं लग्न केलं. मृत्युपत्र बदलेल या भीतीने सोळा वर्षांच्या एल्मरने त्यांना विष दिलं. खुनाबद्दल त्याला शिक्षा झाली. पण मृत्युपत्र रीतसर केलेलं होतं, साक्षीदार होते, ते रद्द झालेलं नव्हतं, आणि खून करणाऱ्याला वारसा मिळणार नाही असं कुठल्याही कलमात लिहिलेलं नव्हतं. मुली कोर्टात गेल्या.

बहुमताने एल्मरला मालमत्ता नाकारली. न्या. अर्ल यांनी दोन गोष्टी सांगितल्या: कायदा करणाऱ्यांच्या मनात असा प्रकार असणं शक्य नाही, आणि स्वतःच्या गुन्ह्याचा फायदा कुणालाही घेता येत नाही हे तत्त्व कायद्यात आधीपासूनच मुरलेलं आहे. बहुतेक विद्यार्थी इथे पुस्तक मिटतात, कारण उत्तर मनासारखं आलेलं असतं. तू न्या. ग्रे यांचं भिन्नमत वाच. ते म्हणतात, मृत्युपत्र कसं रद्द होतं हे विधिमंडळाने बारकाईने ठरवून दिलं आहे, कोर्टाने त्यात भर घालायची नाही. गुन्ह्याची शिक्षा फौजदारी कायद्याने दिली आहे. मालमत्ता काढून घेणं ही आणखी एक शिक्षा आहे, आणि ती द्यायचा अधिकार आम्हाला कुणी दिला? निकाल योग्य लागला असं मला वाटतं, तरी ग्रे यांना उत्तर देणं अवघड आहे, हेही वाटतं. रोनाल्ड ड्वॉर्किनने १९६७ मध्ये हार्टवर हल्ला चढवला तो याच खटल्याच्या बळावर: कायद्यात नुसते नियम नसतात, तत्त्वंही असतात, आणि ती हार्ट म्हणतो तशा कुठल्याही ‘ओळखीच्या नियमा’च्या (कायदा कोणता हे ज्यावरून ओळखायचं त्या नियमाच्या) चाळणीतून आलेली नसतात. आपल्याकडे हिंदू वारसा कायद्याच्या, १९५६, कलम २५ मध्ये खून करणाऱ्याला वारसा मिळणार नाही असं स्पष्ट लिहून टाकलं आहे. म्हणजे एके ठिकाणी न्यायाधीशांना तत्त्वातून काढावं लागलेलं उत्तर दुसरीकडे विधिमंडळाने कलमात बसवलं. ग्रे यांना हेच तर हवं होतं!

‘थिअरी परीक्षेपुरती’ म्हणणाऱ्या तुझ्या सीनियरना दोन गोष्टी सांग. ऑक्टोबर १९५८ मध्ये पाकिस्तानात संविधान रद्द करून लष्करी कायदा लागू झाला. त्याच महिन्यात तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने दोसो खटल्यात त्याला वैध ठरवलं, आणि आधार घेतला केल्सनचा: क्रांती यशस्वी झाली की तीच नवा कायदेशीर पाया ठरते. केल्सनने क्रांतीनंतर कायद्याकडे कसं बघितलं जातं याचं वर्णन केलं होतं. सत्ता बळकावणाऱ्याला प्रमाणपत्र कसं द्यावं याची ती कृती नव्हती. १९७२ मध्ये त्याच न्यायालयाने आस्मा जिलानी खटल्यात तो निकाल चुकीचा ठरवला. गाइडमधल्या त्या चार ओळी कुणीतरी नीट न वाचता वापरल्या की काय होतं, ते इथे दिसतं.

दुसरी गोष्ट आपल्याकडची. आणीबाणीत, १९७६ साली, एडीएम जबलपूर खटल्यात प्रश्न होता: संविधानाच्या कलम २१ ची, म्हणजे जीविताच्या आणि स्वातंत्र्याच्या हक्काची, अंमलबजावणी मागायचा मार्ग स्थगित असताना स्थानबद्ध माणसाला हेबियस कॉर्पस (मला कोर्टापुढे आणा आणि अटकेचा आधार दाखवा, असा आदेश) मागता येईल का? चार न्यायाधीश म्हणाले, नाही. न्या. एच. आर. खन्ना एकटे म्हणाले, संविधानात कलम २१ नसतं तरीही कायद्याच्या आधाराशिवाय माणसाचा जीव किंवा स्वातंत्र्य हिरावून घ्यायचा अधिकार राज्याला नसता. पुढल्याच वर्षी सरन्यायाधीशपदासाठी त्यांना डावललं गेलं आणि त्यांनी राजीनामा दिला. २०१७ मध्ये नऊ न्यायाधीशांच्या पीठाने पुट्टस्वामी खटल्यात बहुमताचा तो निकाल पुसून टाकला. मुलं यावर पटकन लिहितात की बहुमत ‘पॉझिटिव्हिस्ट’ (कायदा आणि नीती वेगळ्या मानणारं) आणि खन्ना ‘नैसर्गिक कायद्याचे’ (कायद्याची मुळं नीतीत आहेत असं मानणारे). इतकं सोपं नाही ते. खन्नांच्या युक्तिवादात कायद्याच्या राज्याचा, म्हणजे सत्तेला कायद्याचा आधार दाखवावाच लागतो याचा, मोठा वाटा आहे, आणि ही गोष्ट पक्का पॉझिटिव्हिस्टही म्हणू शकतो. हार्टला तर कायदा आणि नीती वेगळ्या ठेवायच्या होत्या त्या एवढ्याचसाठी की ‘हा कायदा आहे, पण पाळू नये इतका दुष्ट आहे’ असं माणसाला म्हणता यावं.

मग करायचं काय? तुझ्यापुढे तीन वाटा आहेत. पहिली, गाइड पाठ करायचं. मार्क पडतील, आणि त्यात पाप नाही. परीक्षेच्या आदल्या आठवड्यात सगळेच ते करतात. दुसरी, थिअरी सोडून ऑफिस. ऑफिसात तू तारीख घ्यायला, फाइल शोधायला, नक्कल काढायला शिकशील, आणि ते शिकायलाच हवं. पण तिथे मावशीसारखा दावा आला तर तू तिच्या वकिलांसारखंच म्हणशील: कायद्याने बरोबर आहे. तिथून पुढचा रस्ता ऑफिसात कुणी दाखवत नाही, कारण कुणाला वेळ नसतो. तिसरी वाट म्हणजे थिअरी निकालांतून वाचायची. मी तीच सुचवेन. तुझ्यासारखीच दुसऱ्या शाखेतून, भाषा किंवा वाणिज्य शिकून, आलेली जी मुलं हे वाचत असतील, त्यांनाही.

पद्धत साधी आहे. ज्या निकालात न्यायाधीशांचं एकमत नाही असाच निकाल निवड, म्हणजे दोन्ही बाजू तयार मिळतात. आधी वस्तुस्थिती स्वतःच्या शब्दांत अर्ध्या पानात लिही, कलमांचा उल्लेख न करता. मग भिन्नमत वाच, बहुमत नंतर. उलट क्रमाने वाचलंस तर बहुमत पटून जातं आणि भिन्नमत तक्रारीसारखं वाटतं. त्यानंतर निर्णयाधार शोध: निकाल ज्या कारणावर उभा आहे ते कारण. ते काढून घेतलं तर निकाल पडतो का, हे विचार. पडत नसेल तर ते जाता जाता केलेलं विधान आहे आणि पुढच्या कोर्टांना बांधत नाही. पहिल्या सत्रात असे चार-पाच निकाल झाले तरी भरपूर झालं. केल्सनचं मूळ पुस्तक आत्ता उघडू नकोस. हार्टची पहिली काही प्रकरणं झेपतील.

परीक्षेत ‘ऑस्टिनच्या व्याख्येचं टीकात्मक परीक्षण करा’ असं आलं की पहिल्या परिच्छेदात त्याचा प्रश्न काय होता ते लिही, मग व्याख्या, मग एक अडचण नीट उलगडून. दहा दोषांची यादी नको. मुदतबाह्य कर्जाचं उदाहरण घातलंस तर पेपर तपासणारा क्षणभर थांबेल. वर्गातही प्रश्न बदलून विचार. ‘बरोबर कुठली’ला तुझ्या शिक्षकांकडे उत्तर नव्हतं. ‘केल्सन आणि होम्स एकाच गोष्टीबद्दल बोलताहेत का’ याला बहुधा असेल, आणि नसलं तर तास तरी रंगेल.

शाखा चुकली का, हेही विचारलं आहेस. एक निकाल खटकला म्हणून तू त्याचं कारण शोधत कॉलेजपर्यंत आलीस. अशा मुलीला मी परत पाठवणार नाही. न्याय मिळवून देणारी यंत्रणा म्हणून कायद्याकडे बघत आली असशील तर पुढची काही वर्षं त्रास होईल, हे मात्र सांगून ठेवते.

ऑफिसात जरूर जा, पण पहिलं सत्र संपल्यावर, आणि आठवड्यातले दोन दिवस. गेलीस की युक्तिवाद ऐकायची घाई करू नकोस. निकाली निघालेली एक फाइल माग. त्यातला दावा वाच, प्रतिवादीची कैफियत वाच, आणि कोर्टाने काढलेले मुद्दे बघायच्या आधी तुझे मुद्दे कागदावर लिही. मग दोन्ही शेजारी ठेव. जिथे कोर्टाचा मुद्दा तुला सुचलाच नव्हता, त्याचं कलम शोध, आणि तो मुद्दा नसता तर निकाल कुणाच्या बाजूने गेला असता ते ऑफिसातल्या सीनियर वकिलांना विचार.